मनाई दोन दिवसांत, निकाल सव्वानऊ वर्षांनी : चवदार तळ्याच्या दाव्याचा हिशेब

२० मार्च ही तारीख आपल्यापैकी कुणालाही सांगावी लागत नाही. त्या दिवशी आपण महाडला जातो, क्रांतिस्तंभाला वंदन करतो, तळ्याच्या पायऱ्या उतरतो, ओंजळभर पाणी घेतो. फोटो काढतो, स्टेटस ठेवतो. पण १७ मार्च ही तारीख किती जणांना आठवते?

१७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने चवदार तळ्याच्या दाव्याचा अंतिम निकाल दिला. बाबासाहेबांनी तळ्याचे पाणी प्यायल्याला त्या दिवशी दहा वर्षे पूर्ण व्हायला तीन दिवस कमी होते. ओंजळ भरायला काही क्षण लागले होते. ती ओंजळ बेकायदेशीर नव्हती, हे न्यायालयाकडून ऐकायला दशक गेले. सत्याग्रहावर आपल्याकडे गाणी आहेत, पोवाडे आहेत, भाषणे आहेत. या दशकावर मात्र आपण फारसे बोलत नाही. आम्हाला आज त्यावरच बोलायचे आहे, कारण आजही तालुक्याच्या कोर्टाच्या आवारात तेच दशक वेगवेगळ्या नावांनी चालू असलेले आम्ही पाहतो.

एक प्रसंग सांगतो. आम्ही ज्या भागात काम करतो तिथल्या एका मावशींचा जमिनीचा दावा होता. वडिलोपार्जित तुकडा, गावातल्या वजनदार घराने बळकावलेला. दावा मावशींच्या बाजूने लागला. ताबा द्यावा असा हुकूमनामा झाला. वस्तीत पेढे वाटले. त्यानंतर दरखास्त दाखल केली, ताबा वॉरंट निघाले, बेलिफ गेला, तिथे चार माणसे आडवी उभी राहिली, बेलिफ ‘अडथळा’ असा शेरा मारून परत आला. मग त्या घरातल्या एका नातेवाइकाने हरकत घेतली की जमीन माझीच आहे. मग अपील, मग स्थगिती, मग पुढची तारीख. एक दिवस मावशींनी आम्हाला विचारले, “निकाल आपल्या बाजूनं लागून सात वर्षं झाली म्हनता. मग जमीन कुठं हाय, बाळा?”

समाजशास्त्राच्या एम.ए.ला आम्ही सत्ता, संस्था, वैधता असे बरेच शब्द शिकलो. पण या प्रश्नाचे उत्तर देताना त्यातला एकही शब्द कामी आला नाही. उत्तर शोधायला आम्हाला महाडकडेच जावे लागले.

ठराव झाला, पाणी मिळाले नाही

चवदार तळ्याची गोष्ट १९२७ पासून सुरू होत नाही. ती सुरू होते ४ ऑगस्ट १९२३ ला. त्या दिवशी सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळाने संमत केला. सरकारी पैशातून बांधलेल्या वा चालवलेल्या सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, तसेच शाळा, कोर्ट-कचेऱ्या, दवाखाने यांचा वापर अस्पृश्य वर्गाला करू द्यावा, असा तो ठराव. सप्टेंबर १९२३ मध्ये सरकारने आपल्या खात्यांना त्याप्रमाणे आदेश दिले. ५ जानेवारी १९२४ रोजी महाड नगरपालिकेनेही ठराव करून तळे अस्पृश्यांना खुले असल्याचे मान्य केले.

म्हणजे कायदेमंडळ झाले, सरकार झाले, नगरपालिका झाली. तिन्ही ठिकाणी कागद आपल्या बाजूचा होता. तरीही जानेवारी १९२४ ते मार्च १९२७ ही तीन वर्षे त्या तळ्यावर आपला माणूस पाणी भरू शकला नाही. का? कारण ठराव करणाऱ्यांपैकी कुणीही तळ्याच्या काठावर उभे राहून ‘या, भरा’ असे म्हणणार नव्हते. कागद आणि काठ यांच्यामध्ये गाव उभे होते.

१९ आणि २० मार्च १९२७ रोजी महाडला कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. रामचंद्र बाबाजी मोरे यांच्यासारख्या कार्यकर्त्यांनी त्यासाठी गावोगाव पायपीट केली होती. परिषदेच्या अखेरीला अनंत विनायक चित्रे यांनी मांडणी केली की नगरपालिकेचा ठराव कागदावर पडून आहे, तो आजच अमलात आणू. नीट लक्षात घ्या. चवदार तळ्याचा सत्याग्रह हा कायदा मोडण्याचा सत्याग्रह नव्हता. झालेल्या ठरावाची अंमलबजावणी लोकांनी स्वतःच्या पायांनी केली, तो हा सत्याग्रह होता. आपल्या इतिहासातली ही सर्वांत मोठी दरखास्त आहे आणि ती हजारो माणसांनी चालत जाऊन दाखल केली.

पुढे काय झाले ते आपण जाणतो. अस्पृश्य वीरेश्वराच्या मंदिरात घुसणार अशी आवई उठवून परतणाऱ्या माणसांवर हल्ले झाले. शेण-गोमूत्राच्या घागरी ओतून तळे ‘शुद्ध’ करण्यात आले. आणि ४ ऑगस्ट १९२७ रोजी महाड नगरपालिकेने आपला १९२४ चा ठराव रद्द केला. बोले ठरावाला बरोबर चार वर्षे झाली त्याच दिवशी! ठराव तीन वर्षे अमलात आला नाही. लोकांनी तो अमलात आणताच मात्र साडेचार महिन्यांत मागे घेतला गेला. जोवर हक्क कागदावर होता तोवर तो कुणाला खुपत नव्हता.

दोन दिवसांत आलेली ताकीद

ठराव मागे घेतल्यावर बाबासाहेबांनी डिसेंबरमध्ये पुन्हा सत्याग्रह करण्याचे जाहीर केले. तेव्हा सनातनी मंडळींनी लाठी बाजूला ठेवली आणि वकीलपत्र हातात घेतले. १२ डिसेंबर १९२७ रोजी महाडच्या दिवाणी न्यायालयात बाबासाहेब आणि त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध दावा दाखल झाला. म्हणणे असे की तळे स्पृश्यांचे आहे, अस्पृश्यांनी तिथे न जाण्याची वहिवाट अनादी काळापासून चालत आली आहे, म्हणून त्यांना कायमची मनाई करावी. दाव्याचा निकाल लागेपर्यंत तात्पुरती मनाईही मागितली. ती १४ डिसेंबरला मिळाली.

दोन दिवस! आज आपल्या कुणाला दिवाणी न्यायालयात साधी तारीख दोन दिवसांत मिळाल्याचे आठवते का?

आणि या ताकिदीची अंमलबजावणी? तीही तत्काळ. २५ डिसेंबरला परिषद सुरू झाली. मंडपाला जागा द्यायला गावातले सवर्ण तयार नव्हते, ती फत्तेखान नावाच्या मुस्लिम गृहस्थांनी दिली. त्याच दिवशी रात्री गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांच्या ठरावाप्रमाणे मनुस्मृतीचे दहन झाले. हजारो माणसे तुरुंगात जायच्या तयारीने नाव नोंदवून बसली होती. कलेक्टर स्वतः परिषदेत आले आणि न्यायालयाचा हुकूम पाळण्याचे आवाहन करून गेले. हुकूम मोडला तर पोलीस मागेच होते. २७ डिसेंबरला बाबासाहेबांनी लोकांची समजूत घालून सत्याग्रह तहकूब केला. लोक मिरवणुकीने तळ्याभोवती गेले, पाण्याला हात न लावता परत आले.

आमच्या पिढीतले काही मित्र इथे अडखळतात. बाबासाहेबांनी माघार का घेतली, असे विचारतात. आम्ही त्यांना सांगतो, ती माघार नव्हती, तो हिशेब होता. लढा सनातन्यांशी होता. हुकूम मोडला असता तर तो त्याच क्षणी सरकारशी सुरू झाला असता, आणि सनातनी काठावर बसून गंमत पाहत राहिले असते. शिवाय दावा आपल्यावर लावलेला होता. बॅरिस्टर असलेल्या माणसाला ठाऊक होते की तो कोर्टातही जिंकता येतो.

तरीही प्रश्न उरतोच. नगरपालिकेचा ठराव अमलात आणायला कलेक्टर १९२४ मध्ये तळ्यावर आले नव्हते. १९२५ मध्ये आले नाहीत, १९२६ मध्येही नाहीत. मनाई अमलात आणायला मात्र ते बारा दिवसांत मंडपात हजर होते. सरकारी यंत्रणा तीच, जिल्हा तोच, तळे तेच. ‘यंत्रणा ढिली आहे’ हे उत्तर इथे टिकत नाही. कुणाचा कागद आहे त्यावर यंत्रणेचा वेग ठरत होता.

तारीख पे तारीख, १९२८ ते १९३७

तात्पुरती मनाई २३ फेब्रुवारी १९२८ रोजी उठली. तोवर ७१ दिवस गेले होते. सत्याग्रहासाठी जमलेली हजारो माणसे केव्हाच आपापल्या गावी, आपापल्या पोटाच्या उद्योगाला लागली होती. सनातन्यांना मनाई कायमची मिळाली नाही, पण ज्या दिवसासाठी हवी होती त्या दिवशी ती मिळाली होती. तात्पुरत्या मनाईचे खरे बळ यातच असते. ती पुढे चुकीची ठरली तरी तिचे काम होऊन गेलेले असते.

त्यानंतर मूळ दावा चालू राहिला. महाडच्या न्यायालयाने तो ८ जून १९३१ रोजी फेटाळला. साडेतीन वर्षे. हरलेल्यांनी ठाण्याला अपील केले. ते ३० जानेवारी १९३३ रोजी फेटाळले गेले. आणखी वीस महिने. ते उच्च न्यायालयात दुसऱ्या अपिलात गेले. तिथे ब्रूमफील्ड आणि वाडिया या न्यायमूर्तींसमोर ‘नरहरी दामोदर वैद्य विरुद्ध भीमराव रामजी आंबेडकर’ हे प्रकरण १७ मार्च १९३७ रोजी संपले. आणखी चार वर्षांहून अधिक.

म्हणजे सनातनी तीन पायऱ्यांवर तीनदा हरले. पण हरता हरता त्यांनी सव्वानऊ वर्षे काढली. दावा हरूनही वेळ जिंकता येतो हे त्यांना समजले होते. ज्याच्या हातात आधीच तळे आहे, जमीन आहे, वाट आहे, त्याच्यासाठी उशीर हाच निकाल असतो. म्हणून दिवाणी न्यायालयातल्या दिरंगाईला आम्ही कधीच ‘दोघांनाही सारखा त्रास’ म्हणत नाही. ज्याचा ताबा आहे त्याला तारीख म्हणजे भाडे न देता मिळालेला आणखी एक महिना. ज्याचा ताबा गेला आहे त्याला तारीख म्हणजे बुडालेली मजुरी आणि एसटीचे तिकीट.

निकालात काय होते आणि काय नव्हते

उच्च न्यायालयाने काय म्हटले हेही आपण नीट वाचले पाहिजे. तळे नगरपालिकेच्या ताब्यातले सार्वजनिक आहे. अलीकडच्या काळात अस्पृश्य तिथे जात नव्हते एवढ्यावरून ही वहिवाट अनादी काळापासूनची आहे असे सिद्ध होत नाही. वादींना आपली रूढी शाबीत करता आली नाही, म्हणून अपील फेटाळले. हा विजय होता, यात शंका नाही. १९०८ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने कामुदीच्या देवळाच्या प्रकरणात नाडार समाजाला बाहेर ठेवणारी रूढी उचलून धरली होती. त्या पार्श्वभूमीवर महाडचा निकाल महत्त्वाचा होताच.

पण निकालात एक जागा रिकामी राहिली. रूढी सिद्ध झाली असती तर ती अवाजवी किंवा लोकहिताविरुद्ध आहे का हे कदाचित तपासावे लागले असते, असे न्यायालयाने सूचित केले आणि तिथेच थांबले. ‘माणसाला पाण्यापासून दूर ठेवणे हीच गोष्ट अन्याय्य आहे’ हे वाक्य त्या निकालात नाही. सनातन्यांचा पुरावा कमी पडला, एवढेच त्यात आहे.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. दावा त्यांचा होता, तो फेटाळला गेला. म्हणजे आपल्या हातात काय आले? फेटाळलेल्या दाव्यातून आपल्यासाठी अमलात आणण्यासारखा हुकूमनामा निघत नाही. ‘तळे खुले करा’ असा आदेश कुणालाही दिला गेला नव्हता. आपला माणूस दुसऱ्या दिवशी तळ्यावर गेला असता आणि गावाने त्याला अडवले असते, तर त्याच्याकडे बेलिफ पाठवायला कागद नव्हता. सनातन्यांना दोन दिवसांत मिळालेल्या ताकिदीमागे पोलीस उभे होते. आपल्याला सव्वानऊ वर्षांनी मिळालेल्या निकालामागे फक्त आपणच उभे होतो.

घोडे वेगात धावायचे तेव्हा

न्यायालये मुळातच संथ असतात, असे कुणी म्हटले तर त्याला आमचे उत्तर दख्खनच्या इतिहासातूनच मिळते. १८५९ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनंतर पुणे-अहमदनगर भागात सावकारांच्या हातात न्यायालयाचा हुकूमनामा हे धारदार हत्यार आले. निरक्षर कुळावर दावा लागायचा, कूळ हजर नसायचे, एकतर्फी हुकूमनामा व्हायचा आणि जप्ती दारात यायची. गुरे जायची, जमीन जायची, कर्जदाराला दिवाणी तुरुंगही दाखवता यायचा. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुप्याला लोक उठले, ते सावकारांचे रोखे आणि कागद हिसकावून जाळण्यासाठी. सरकारला चौकशी आयोग नेमावा लागला आणि १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा करून शेतकऱ्याच्या अटकेला आणि गहाण नसलेल्या जमिनीच्या विक्रीला आळा घालावा लागला. शेतकऱ्याला नाडणाऱ्या याच कचेऱ्यांच्या व्यवस्थेवर जोतीराव फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये कोरडे ओढले.

पण याच काळात दुसरे चित्रही होते. १८७२ मध्ये प्रिव्ही कौन्सिलनेच म्हटले होते की भारतातल्या पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती आल्यावर सुरू होतात. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या. अंमलबजावणी वेगवानही होती आणि रखडलेलीही होती. बळवान हुकूमनामा घेऊन दुबळ्याच्या दारात गेला की जप्ती धावायची. दोन बळवान समोरासमोर आले की ती अडखळायची. आणि दुबळा हुकूमनामा घेऊन बळवानाच्या दारात जायचा तेव्हा? महाडचे उत्तर आपल्यासमोर आहे.

बाबासाहेबांनी वाट पाहिली नाही

आता आपल्या चळवळीसाठी या प्रकरणातला सर्वांत मोठा धडा. सव्वानऊ वर्षे दावा चालू असताना बाबासाहेब काय करत होते? २ मार्च १९३० रोजी नाशिकचा काळाराम मंदिर सत्याग्रह सुरू झाला. त्याच वर्षी ते गोलमेज परिषदेला गेले. १९३२ मध्ये पुणे करार झाला. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्याला धर्मांतराची घोषणा झाली. १९३६ मध्ये जातिसंस्थेच्या निर्मूलनावरचे न झालेले भाषण पुस्तकरूपाने आले, स्वतंत्र मजूर पक्ष स्थापन झाला, आणि फेब्रुवारी १९३७ च्या निवडणुकीत बाबासाहेब निवडून आले. उच्च न्यायालयाचा निकाल लागला तेव्हा प्रतिवादी आमदार झाला होता!

दावा त्यांनी सोडला नाही. प्रत्येक पायरीवर तो लढवला. पण आपल्या समाजाचे भवितव्य त्यांनी त्या दाव्याच्या तारखेला बांधून ठेवले नाही. आपल्यात दोन प्रकारचे मित्र आहेत. एक म्हणतात, “कायद्यावर विश्वास ठेवा, कोर्ट न्याय देईल.” दुसरे म्हणतात, “कोर्टात काही होत नाही, रस्त्यावरच उतरा.” दोघेही महाडचे नाव घेतात आणि दोघेही महाड अर्धेच वाचतात. बाबासाहेबांनी मनाई पाळली, दावा लढवला, आणि त्याच वेळी तो दावा लागू शकणार नाही असा कायदा करण्याच्या जागेपर्यंत पोहोचण्याची तयारी केली.

ही शेवटची गोष्ट आम्ही अलंकारिक अर्थाने म्हणत नाही. संविधानाचे अनुच्छेद १५(२) उघडून पाहा. राज्याच्या पैशातून चालवलेल्या विहिरी, तळी, स्नानघाट, रस्ते यांच्या वापराबाबत धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान यावरून कुणावरही निर्बंध घालता येणार नाही, असे ते सांगते. त्यातला ‘तळी’ हा शब्द वाचताना आम्हाला दरवेळी महाडच्या पायऱ्या दिसतात. अनुच्छेद १७ ने अस्पृश्यताच नष्ट केली. उच्च न्यायालयाने १९३७ मध्ये सोडलेली रिकामी जागा १९५० मध्ये अशी भरली गेली.

त्याहूनही कमी वाचले जाणारे एक कलम आहे. १९५५ चा अस्पृश्यता (अपराध) कायदा, जो १९७६ च्या दुरुस्तीने नागरी हक्क संरक्षण कायदा झाला, त्याचे कलम १३. या कायद्याशी विसंगत असलेला कोणताही दावा दिवाणी न्यायालयाने दाखल करून घेऊ नये, तसा हुकूमनामा देऊ नये, आणि आधी दिलेला असेल तर तो अमलातही आणू नये, असे ते कलम म्हणते. अस्पृश्यतेवर आधारलेली कोणतीही रूढी न्यायालयाने मान्य करू नये, असेही म्हणते. १२ डिसेंबर १९२७ चा दावा आज कुणी घेऊन गेला तर तो दारातच परत पाठवला पाहिजे. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने त्यापुढे जाऊन अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाविरुद्ध खोटा, द्वेषमूलक, त्रासदायक दावा लावणे हाच गुन्हा ठरवला. त्याच कायद्यात आपल्या माणसाला त्याच्या जमिनीवरून बेकायदा हुसकावणे, जमिनीच्या वा पाण्याच्या हक्कात अडथळा आणणे हाही गुन्हा आहे.

महाडच्या सव्वानऊ वर्षांतून निघालेले हे कायदे आहेत. पण कायदा हाही शेवटी कागदच. आपण पुन्हा १९२४ च्या ठरावापाशी येऊन उभे राहतो. काठावर कोण उभे राहणार?

आजची दरखास्त

आज दिवाणी हुकूमनाम्याची अंमलबजावणी १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ खाली होते. शंभराहून अधिक नियमांचा हा एकच आदेश. त्यातल्या प्रत्येक नियमाला एक नोटीस, एक हरकत, एक अपील चिकटवता येते. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राहुल शाह प्रकरणात सांगितले की दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल प्रकरणात तेच पुन्हा सांगावे लागले आणि सर्व उच्च न्यायालयांकडून आकडे मागवले. आकडे आले तेव्हा देशभरात ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती पडून होत्या. त्यात महाराष्ट्राचा क्रमांक पहिला, ३ लाख ४० हजारांहून अधिक.

त्यातल्या किती दरखास्ती आपल्या माणसांच्या आहेत हे या आकड्यांतून दिसत नाही. जातनिहाय मोजणी नसल्याने अन्याय सरासरीत लपून जातो, हे आपण इतर क्षेत्रांतही पाहतो. ही मोजणी झाली पाहिजे, ही आमची मागणी आहे. दरखास्तीत कोण वादी, कोण प्रतिवादी, ताबा कुणाकडून कुणाला द्यायचा होता, बेलिफ किती वेळा रिकाम्या हाताने परतला, अडथळा आणणाऱ्यांपैकी किती जणांवर कारवाई झाली, हे जाहीर होऊ द्या.

तोवर आपण काय करायचे? तरुण कार्यकर्त्यांसाठी आमच्या अनुभवातून काही गोष्टी.

निकाल लागला की पेढे जरूर वाटा, पण दुसऱ्या दिवशी वकिलाला विचारा, “दरखास्त कधी?” साधारण हुकूमनाम्याला १२ वर्षांची मुदत असते, पण विशिष्ट कृती करण्याचा आदेश असेल तर ती फक्त ३ वर्षे आहे. ‘अजून वेळ आहे’ म्हणता म्हणता कित्येकांचा हक्क बुडतो.

नुसते अपील दाखल झाल्याने अंमलबजावणी थांबत नाही. त्यासाठी वेगळी स्थगिती लागते. “वर गेलंय प्रकरण” एवढे ऐकून आपली माणसे घरी बसतात. स्थगितीचा आदेश दाखवा, असे म्हणायला शिकवा. समोरचा स्थगिती मागायला जाईल असे दिसले तर आधीच कॅव्हेट दाखल करा, म्हणजे आपल्याला ऐकल्याशिवाय आदेश होणार नाही. कॅव्हेट ९० दिवस चालते, नंतर नव्याने करावे लागते.

जमिनीचे वर्णन दाव्यातच पक्के करा. गट नंबर, चतुःसीमा, मोजणीचा नकाशा. बेलिफ परत येण्याचे निम्मे कारण “जागा ओळखता आली नाही” हे असते.

बेलिफ जाईल त्या दिवशी पोलीस बंदोबस्त मागा आणि वस्तीतली माणसे शांतपणे हजर ठेवा. कुणी आडवे आले तर तिथेच नावे लिहून घ्या. जाणूनबुजून अडथळा आणणाऱ्याला दिवाणी तुरुंगात पाठवण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, आणि अडथळा आणणाऱ्याच्या हक्काचा निर्णय त्याच दरखास्तीत व्हायचा असतो, नव्या दाव्याची गरज नाही. प्रकार जातीच्या जोरावर हक्क हिरावण्याचा असेल तर अत्याचार प्रतिबंधक कायद्याचा विचार करा.

वकील परवडत नाही म्हणून दरखास्त सोडू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या कोर्टात त्याची समिती असते. अर्ज आपल्या कार्यकर्त्याने लिहून द्यावा.

आणि सर्वांत महत्त्वाचे, दरखास्तीच्या तारखेला एकट्या माणसाला जाऊ देऊ नका. त्याच्याबरोबर एक माणूस तरी जावा. मावशींच्या प्रकरणात आम्ही तिसऱ्या वर्षी जाऊ लागलो. आम्ही गेल्याने कायदा बदलला नाही. पण बेलिफाने ‘अडथळा’ लिहिताना अडवणाऱ्यांची नावेही लिहिली, आणि ती नावे लिहिल्यानंतर हरकतीची सुनावणी हलली. गेल्या वर्षी त्या तुकड्याचा बराचसा भाग ताब्यात आला. पूर्ण नाही. बांधाचा एक पट्टा अजून तारखेवर आहे. मावशी आता विचारत नाहीत की जमीन कुठे आहे. त्या विचारतात, “पुढची तारीख कधी हाय?” आणि पिशवीत भाकरी बांधून ठेवतात.

पुढच्या मार्चमध्ये महाडला जाल तेव्हा तीन दिवस आधी, १७ तारखेला, आपल्या तालुक्याच्या कोर्टात एक चक्कर मारा. आपल्या वस्तीतल्या किती दरखास्ती पडून आहेत त्याची वहीत नोंद करा. ठराव १९२४ मध्येही झालेला होता. तीन वर्षांनी तो अमलात आला, कारण काही हजार माणसे तळ्यापर्यंत चालत गेली.

जय भीम.